संजीव कपूर यांचे जीवन, कारकीर्द आणि व्यवसाय : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

संजीव कपूर यांची ओळख थोडक्यात कशी सांगता येईल?

संजीव कपूर हे व्यावसायिक शेफ, दूरचित्रवाणीवरील पाककला कार्यक्रमांचे सादरकर्ते, पाककृतींच्या पुस्तकांचे लेखक आणि खाद्यक्षेत्रातील उद्योजक आहेत. १९९३ मध्ये झी टीव्हीवर सुरू झालेल्या ‘खाना खजाना’ या कार्यक्रमाने त्यांना देशभर ओळख मिळवून दिली. पुढे उपाहारगृहे, स्वयंपाकघरातील उपकरणे आणि पाककलेला वाहिलेली स्वतंत्र वाहिनी असा त्यांच्या कामाचा विस्तार होत गेला. त्यांना केवळ ‘टीव्हीवरचे शेफ’ म्हणणे मात्र अपुरे आहे. हॉटेलच्या भटारखान्यातील मोजमापाची आणि पूर्वतयारीची शिस्त त्यांनी घरातल्या ओट्यापर्यंत आणली, आणि त्यातून लोकांचा जो विश्वास मिळाला, त्याच विश्वासावर पुढचा सगळा व्यवसाय उभा राहिला. त्यांची कारकीर्द समजून घ्यायची असेल, तर हा क्रम ध्यानात ठेवावा लागतो.

त्यांचा जन्म कोठे झाला आणि बालपण कसे गेले?

त्यांचा जन्म १० एप्रिल १९६४ रोजी हरियाणातील अंबाला येथे झाला. वडील बँकेत नोकरीला असल्यामुळे बदल्या होत राहिल्या आणि बालपण उत्तर भारतातील निरनिराळ्या गावांत गेले. घरात वडीलही आवडीने स्वयंपाक करत, ही आठवण कपूर यांनी मुलाखतींमधून सांगितली आहे. पुरुषाने चुलीपाशी उभे राहण्यात काही वावगे नाही, हे ज्या मुलाने घरातच पाहिले, त्याला पुढे लाखो घरांसमोर सहजपणे कढई हातात धरता आली, हा योगायोग नसावा असे मला वाटते.

ते शेफ होण्याचे ठरवूनच या क्षेत्रात आले होते का?

नाही. त्यांचा ओढा वास्तुरचनेकडे (आर्किटेक्चर) होता, आणि हॉटेल व्यवस्थापनाकडे ते काहीसे योगायोगाने वळले. त्यांनी दिल्लीतील पुसा येथील हॉटेल व्यवस्थापन संस्थेतून १९८४ मध्ये पदविका पूर्ण केली. त्या काळात चांगले गुण मिळवणाऱ्या मुलाने ‘हॉटेल लाइन’ला जाणे मध्यमवर्गीय घरात फारसे मानाचे समजले जात नसे. डॉक्टर, इंजिनिअर किंवा बँकेतील अधिकारी या पायऱ्या ठरलेल्या होत्या आणि ‘आचारी होण्यासाठी शिक्षण कशाला हवे’ हा प्रश्न नातेवाईक अगदी मनापासून विचारत. आज हॉटेल व्यवस्थापनाचा अर्ज भरणाऱ्या मुलामुलींना घरून जो पाठिंबा मिळतो, त्यामागे मधल्या काळात शेफ या व्यक्तीबद्दल बदललेली समजूत आहे, आणि ती बदलणाऱ्यांत कपूर यांचा वाटा मोठा आहे.

दूरचित्रवाणीवर येण्यापूर्वी ते काय करत होते?

ते हॉटेलांच्या भटारखान्यांत काम करत होते आणि वयाची तिशी गाठण्यापूर्वीच मुंबईतील सेंटॉर हॉटेलचे एक्झिक्युटिव्ह शेफ झाले होते. सेंटॉर ही हॉटेले एअर इंडियाची उपकंपनी असलेल्या हॉटेल कॉर्पोरेशन ऑफ इंडियाकडे होती. हे पद म्हणजे नेमके काय, याची कल्पना अनेकांना नसते, म्हणून थोडे सविस्तर सांगतो.

मोठ्या हॉटेलच्या भटारखान्यात कामाची उतरंड ठरलेली असते. सर्वांत खाली कॉमी, म्हणजे भाज्या चिरण्यापासून ते भांडी मांडण्यापर्यंतची कामे शिकत जाणारा उमेदवार असतो. त्याच्यावर एकेका विभागाची जबाबदारी सांभाळणारा शेफ द पार्टी असतो, त्याच्यावर सू शेफ, म्हणजे उपप्रमुख, आणि या सर्वांच्या वर एक्झिक्युटिव्ह शेफ. या शेवटच्या माणसाच्या हातात झारा क्वचितच असतो. मेन्यू ठरवणे, मालाची मागणी काढणे, एका थाळीमागे किती खर्च पडतो याचा हिशेब ठेवणे, सकाळच्या न्याहारीपासून रात्रीच्या मेजवानीपर्यंत पाळ्या लावणे आणि पाचशे माणसांच्या जेवणातली पहिली व पाचशेवी थाळी चवीला सारखीच लागेल याची हमी देणे, ही त्याची खरी कामे. त्यासाठी प्रत्येक पदार्थाची ‘प्रमाणित कृती’ लिहिलेली असते, तीत मीठसुद्धा ग्रॅममध्ये असते आणि ‘अंदाजाने’ या शब्दाला जागा नसते. कपूर यांच्या पुढच्या यशाचे मूळ मला प्रमाणित कृतींच्या या वहीत दिसते.

‘खाना खजाना’ची सुरुवात कशी झाली?

१९९१ नंतरच्या दोन वर्षांत भारतीय घरांतील दूरचित्रवाणी झपाट्याने बदलली. तोपर्यंत दूरदर्शन हीच एक खिडकी होती. मग केबलवाल्याची तार गच्चीवरून घरात आली, आणि २ ऑक्टोबर १९९२ रोजी झी टीव्ही ही हिंदीतील पहिली खासगी उपग्रह वाहिनी सुरू झाली. नव्या वाहिनीला रोजचे तास भरायचे होते, हाताशी पैसा बेताचा होता, आणि एका ओट्यावर, एका माणसाच्या जोरावर चालणारा पाककलेचा कार्यक्रम हा त्यासाठी सोयीचा पर्याय होता. असा कार्यक्रम बेतला गेला तेव्हा त्याला आधी ‘श्रीमान बावर्ची’ असे नाव ठरले होते. ते बदलून ‘खाना खजाना’ झाले, आणि हा बदल साधा नव्हता. पहिल्या नावात स्वयंपाकी हा केंद्रस्थानी होता, तर दुसऱ्यात अन्न.

कार्यक्रमाचे दिग्दर्शन सुरुवातीच्या काळात हंसल मेहता यांनी केले. पुढे ‘शाहिद’सारखे चित्रपट आणि ‘स्कॅम १९९२’ ही मालिका दिग्दर्शित करणारे मेहता आपल्या कारकिर्दीच्या आरंभी वाटण आणि फोडणी चित्रित करत होते, ही गोष्ट आजच्या प्रेक्षकांना ठाऊक नसते. कपूर १९९३ मध्ये कार्यक्रमात आले आणि नंतर जवळपास दोन दशके तो त्यांच्याच चेहऱ्याने ओळखला गेला. परदेशांतील भारतीयांमुळे त्याचे प्रक्षेपण शंभराहून अधिक देशांत पोहोचले.

हा कार्यक्रम इतका लोकप्रिय का झाला?

याचे उत्तर बहुतेक वेळा ‘त्यांचे हास्य आणि गोड बोलणे’ असे दिले जाते. ते चुकीचे नाही, पण अपुरे आहे. गोड बोलणारे सादरकर्ते नंतर पुष्कळ आले आणि विस्मरणात गेले. त्यामागे मला तीन कारणे दिसतात, आणि त्यांतले तिसरे मी सर्वांत महत्त्वाचे मानतो.

पहिले कारण भाषेचे आहे. पंचतारांकित हॉटेलमधील शेफ हा तोवर इंग्रजीत बोलणारा, उंच टोपी घातलेला आणि सामान्य गृहिणीपासून दूर असलेला माणूस होता. कपूर साध्या हिंदीत बोलत. पदार्थाचे नाव परदेशी असले तरी जिन्नस मात्र गल्लीतल्या वाण्याकडे मिळणारे असत, आणि एखादी वस्तू मिळण्यासारखी नसेल, तर तिच्याऐवजी काय चालेल तेही ते तिथेच सांगत.

दुसरे कारण प्रमाणाचे. आपल्याकडील घरगुती ज्ञान पिढ्यान्पिढ्या ‘चवीपुरते’, ‘मावेल तेवढे’ आणि ‘रंग येईपर्यंत’ अशा शब्दांत दिले गेले. आईच्या शेजारी उभे राहून शिकणाऱ्या मुलीला ते पुरत असे, कारण मोजमाप आईच्या हातात दिसत असे. पण नव्वदच्या दशकात नोकरीसाठी गाव सोडून पुण्या-मुंबईत, दिल्लीत किंवा थेट आखाती देशांत गेलेल्या तरुण जोडप्यांच्या शेजारी ती आई नव्हती. त्यांना वाटी, चमचा आणि मिनिटे यांत सांगणारा कोणीतरी हवा होता. कार्यक्रमात साहित्याची यादी पडद्यावर येई, तेव्हा घराघरांत वही-पेन घेऊन बसलेली माणसे ती उतरवून घेत. आमच्याही घरी अशी एक वही होती. तेलाचे डाग पडलेल्या तिच्या पानांवर अर्ध्या कृती आईच्या अक्षरात होत्या आणि अर्ध्या, तिला लिहायला उशीर झाला म्हणून, माझ्या.

तिसरे कारण असे, की सांगितलेला पदार्थ घरी जमत असे. ऐकायला हे अगदी साधे वाटते, पण पाककृती सांगणाऱ्या माणसाची सगळी पत यावरच ठरते. हॉटेलच्या मोठ्या भट्टीवर जे पाच मिनिटांत होते, ते घरच्या गॅसवर तसेच होत नाही. तिथे आच कमी, कढई लहान आणि एका वेळी पडणारा माल थोडा असतो. त्यामुळे हॉटेलची कृती नुसती चौघांपुरती भागून चालत नाही, ती नव्याने बसवावी लागते. पाण्याचे प्रमाण बदलते, मसाला परतण्याचा वेळ बदलतो, कांदा किती बारीक चिरायचा तेही बदलते. ही मेहनत पडद्यावर कधीच दिसत नाही. ज्या घरात रविवारी पाव किलो पनीर आणणे हा सणासारखा खर्च होता, तिथे ते पनीर वाया गेले नाही, आणि म्हणून पुढच्या रविवारी लोकांनी पुन्हा त्यांचेच ऐकले.

अर्ध्या तासात दोन-तीन पदार्थ कसे तयार होतात? ही फसवणूक नव्हे का?

फसवणूक नव्हे, ती या माध्यमाची रीत आहे. चित्रीकरणापूर्वी एकच पदार्थ दोन-तीन टप्प्यांवर तयार करून ठेवला जातो. एका भांड्यात कच्चे साहित्य, दुसऱ्यात अर्धवट शिजलेले आणि तिसऱ्यात पूर्ण झालेले. झाकण ठेवून ‘वीस मिनिटे शिजू द्या’ म्हटल्यावर कॅमेरा थांबतो आणि पुढचे भांडे शेगडीवर येते. भाज्या चिरून, मसाले वाट्यांत मोजून ठेवणे ही तर भटारखान्यातलीच सवय आहे, आणि फ्रेंच परंपरेत तिला मीझ आँ प्लास असे नाव आहे. घरीही कढई तापवण्याआधी सगळे मोजून हाताशी ठेवले, तर नवशिक्याच्या निम्म्या चुका टळतात. कार्यक्रम पाहणाऱ्यांनी त्यांच्याकडून एवढी एक गोष्ट उचलली असेल, तरी मी ती मोठी मानीन.

तरला दलाल त्यांच्या आधी होत्या. मग घराघरांत पाककृती पोहोचवण्याचे पहिले श्रेय कोणाचे?

श्रेयाची अशी वाटणी करण्याची गरज नाही, पण क्रम स्पष्ट असावा. पुण्यात १९३६ साली जन्मलेल्या तरला दलाल यांनी मुंबईत १९६६ मध्ये स्वतःच्या घरी पाककलेचे वर्ग सुरू केले. त्यांचे पहिले पुस्तक १९७४ मध्ये आले आणि २००७ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. २०१३ मध्ये त्यांचे निधन झाले. शाकाहारी घराला जगभरच्या पदार्थांची दारे त्यांनी उघडून दिली, आणि पाककृतींभोवती पुस्तके, मासिक व संकेतस्थळ उभे करता येते हेही त्यांनी आधी दाखवले. त्या घरातून बाहेर आल्या आणि कपूर हॉटेलमधून घरात आले, असा दोघांमधला फरक आहे. दलाल यांनी गृहिणीला सांगितले की तिचे काम हे ज्ञान आहे. कपूर यांनी व्यावसायिक ज्ञान गृहिणीच्या हाती दिले. मला हे दोन्ही प्रवाह एकमेकांना पूरक वाटतात.

त्यांनी किती पुस्तके लिहिली आहेत?

शंभराहून अधिक. त्यांतली काही एखाद्या प्रदेशावर किंवा एखाद्या जिन्नसावर बेतलेली छोटी पुस्तके आहेत, तर काही मोठे संग्रह. पुस्तकांबरोबरच त्यांनी आंतरजालाकडे फार लवकर लक्ष दिले, आणि त्यांच्या संकेतस्थळावर हजारो कृती आहेत. पुढे यूट्यूब आले तेव्हा त्यांच्याकडे दाखवण्यासारखे साहित्य आधीच भरपूर होते, त्यामुळे वही-पेन घेऊन बसणाऱ्या पिढीची मुले मोबाइल ओट्याला टेकवून त्याच माणसाचे ऐकू लागली.

त्यांच्या नावाची सगळी उपाहारगृहे ते स्वतः चालवतात का?

नाही, आणि याबद्दल ग्राहकांचा नेहमी गैरसमज होतो. १९९८ मध्ये दुबईत ‘खजाना’ हे त्यांचे पहिले उपाहारगृह सुरू झाले, आणि भारतात ‘द यलो चिली’ ही साखळी त्यांच्या नावाने सर्वाधिक ओळखली जाते. अशा साखळीतील अनेक शाखा फ्रँचायझी पद्धतीने चालतात. जागा, फर्निचर आणि कामगार यांचा खर्च स्थानिक गुंतवणूकदार करतो. नाव, मेन्यू, प्रमाणित कृती, प्रशिक्षण आणि तपासणी मूळ कंपनीकडून मिळते, आणि त्या बदल्यात कंपनीला सुरुवातीचे शुल्क व विक्रीतील ठरावीक हिस्सा दिला जातो.

या पद्धतीचे बळ आणि दुबळेपण एकाच जागी आहे. कृती कागदावर पक्की असल्यामुळे लांबच्या शहरातही पदार्थ ओळखीच्या चवीचा मिळू शकतो, पण शाखेच्या मालकाने लोणी किंवा काजूत काटकसर केली की नाव मात्र फलकावरच्या माणसाचे खराब होते. म्हणून अशा साखळ्या शक्य तितके काम आधीच्या टप्प्यावर बांधून घेतात. मूळ रस्से ठरावीक असतात, मसाल्यांची मिश्रणे तयार येतात, आणि स्थानिक स्वयंपाक्याच्या हाती शेवटची जुळणी उरते. एखाद्या शाखेतील अनुभव चांगला आला नाही, तर त्यावरून शेफच्या कौशल्याचा निवाडा करू नये, असे माझे मत आहे. मात्र नाव दिले म्हणजे जबाबदारीही घेतली, हे ग्राहकाचे म्हणणेही मला तितकेच रास्त वाटते.

त्यांचा सर्वांत ओळखला जाणारा पदार्थ कोणता?

‘शाम सवेरा’. पालकाच्या हिरव्या आवरणात पांढरे पनीर भरलेला कोफ्ता तळतात, मधोमध कापतात आणि टोमॅटोच्या केशरी-लाल मखनी रश्श्यावर मांडतात. कापलेल्या बाजूने हिरवा आणि पांढरा रंग एकदम दिसतो, आणि नावातली संध्याकाळ व सकाळ त्यातूनच येते. पालक, पनीर आणि टोमॅटो या उत्तर भारतीय स्वयंपाकातल्या अगदी रोजच्या तीन वस्तू आहेत. त्यांत एकही नवा जिन्नस न घालता नवा पदार्थ उभा करणे, हे मला शेफचे खरे काम वाटते. ‘लल्ला मूसा दाल’ हीसुद्धा त्यांच्या उपाहारगृहांची ओळख आहे.

वंडरशेफ ही कंपनी नेमकी काय करते?

स्वयंपाकघरातील भांडी आणि उपकरणे विकणारी ही कंपनी कपूर यांनी रवी सक्सेना यांच्याबरोबर २००९ मध्ये स्थापन केली. न चिकटणारे तवे व कढया, छोटे मिक्सर आणि इतर विद्युत उपकरणे ही तिची मुख्य उत्पादने. सुरुवातीच्या काळात तिने स्त्रियांमार्फत थेट विक्रीवर भर दिला. ओळखीच्या घरी चार जणी जमल्या की त्यांच्यासमोर पदार्थ करून दाखवायचा आणि त्यातून भांडे विकायचे. ही पद्धत ‘खाना खजाना’चीच लहान आवृत्ती होती.

एखाद्या वस्तूची जाहिरात करणे आणि त्या वस्तूच्या कंपनीत भागीदार असणे यांत मोठा फरक असतो. टाटा संपन्नसारख्या ब्रँडच्या जाहिरातींतही कपूर दिसले, पण त्या ब्रँडचे ते संस्थापक नव्हते. वंडरशेफमध्ये ते संस्थापक आहेत, म्हणजे तव्याचा थर सहा महिन्यांत निघाला तर तोटा त्यांच्याही खात्यात पडतो. शेफचे नाव असलेली वस्तू विकत घेताना हा फरक पाहून घ्यावा.

‘फूड फूड’ वाहिनी काढण्याची गरज का भासली?

कार्यक्रम कितीही गाजला तरी तो वाहिनीचा असतो. ‘खाना खजाना’ हे नाव पुढे झी समूहाने आपल्या पाककला वाहिनीलाही दिले, हे त्याचे सरळ उदाहरण आहे. कपूर यांनी मलेशियातील ॲस्ट्रो या माध्यमसमूहाच्या भागीदारीत २०११ मध्ये ‘फूड फूड’ ही चोवीस तासांची वाहिनी सुरू केली, आणि माधुरी दीक्षित तिच्याशी जोडल्या गेल्या. मुलाखती देऊन प्रसिद्ध होणारे शेफ अनेक आहेत, पण स्वतःची वाहिनी काढण्याचे धाडस दुर्मिळ आहे, कारण वाहिनीला रोज नवे कार्यक्रम लागतात, केबल आणि डीटीएच कंपन्यांशी वाटाघाटी कराव्या लागतात आणि उत्पन्नाचा मोठा भाग जाहिरातींवर अवलंबून असतो. या वाहिनीने अनेक नव्या शेफना पहिली संधी दिली, आणि व्यवसायाच्या ताळेबंदापेक्षा मला हे अधिक मोलाचे वाटते.

‘मास्टरशेफ इंडिया’मध्ये ते होते का?

होय. दूरचित्रवाणीवरील या पाककला स्पर्धेच्या २०१३ मधील तिसऱ्या पर्वात ते विकास खन्ना आणि कुणाल कपूर या शेफबरोबर परीक्षक होते.

विमानातील जेवणाशी त्यांचा काय संबंध आहे?

सिंगापूर एअरलाइन्सच्या आंतरराष्ट्रीय पाककला मंडळावर त्यांनी काम केले आहे. उंचावर, केबिनमधल्या कोरड्या हवेत आणि कमी दाबात माणसाला खारट व गोड चव मंद लागते, आणि अन्न जमिनीवर शिजवून, थंड करून, वर पुन्हा गरम केले जाते. त्यामुळे विमानातला मेन्यू ठरवताना रश्श्याचा पदार्थ कोरड्या पदार्थापेक्षा जास्त टिकतो, आणि या बाबतीत भारतीय स्वयंपाक मुळातच सोयीचा आहे.

पद्मश्री त्यांना केव्हा मिळाली?

२०१७ मध्ये. त्याच्या आदल्या वर्षी अवधी परंपरेतील ज्येष्ठ शेफ इम्तियाज कुरेशी यांना हाच सन्मान मिळाला होता. लागोपाठ दोन वर्षे व्यावसायिक स्वयंपाक्यांचा असा गौरव व्हावा, ही घटना १९८४ मध्ये पदविका घेऊन बाहेर पडलेल्या कोणत्याही विद्यार्थ्याला अशक्य वाटली असती.

९१८ किलो खिचडीचा विक्रम काय होता?

४ नोव्हेंबर २०१७ रोजी दिल्लीतील ‘वर्ल्ड फूड इंडिया’ या कार्यक्रमात कपूर यांच्या नेतृत्वाखाली ९१८ किलो खिचडी शिजवण्यात आली आणि तिची नोंद गिनीज विक्रमांत झाली. तांदूळ आणि मुगाच्या डाळीबरोबर तिच्यात भरडधान्येही होती. इतक्या मोठ्या कढईत खरा प्रश्न चवीचा नसतो, तो उष्णतेचा असतो. तळाशी खिचडी लागते आणि मधला भाग कच्चा राहतो, म्हणून आच सर्व बाजूंनी सारखी मिळावी लागते आणि ढवळणे थांबवता येत नाही. विक्रमांबद्दल मला फारसे आकर्षण नाही, पण आजारी माणसाचे पथ्य म्हणून हिणवली जाणारी खिचडी देशाच्या राजधानीत मानाने मांडली गेली, याचा आनंद झाला.

त्यांच्या सामाजिक कामाविषयी काय सांगता येईल?

शाळकरी मुलांना माध्यान्ह भोजन पुरवणाऱ्या अक्षय पात्र या संस्थेशी ते जोडलेले आहेत. २०२१ मध्ये कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत रुग्णालयांतील डॉक्टर आणि परिचारिकांना जेवण पोहोचवण्यासाठी त्यांनी शेफ होजे आंद्रेस यांच्या वर्ल्ड सेंट्रल किचन या संस्थेबरोबर काम केले. पीपीई पोशाखात सलग पाळ्या करणाऱ्या माणसाला दोन घास गरम मिळणे त्या दिवसांत किती दुर्मिळ होते, हे रुग्णालयात नातेवाईक असलेल्या प्रत्येकाला आठवत असेल.

त्यांच्या पत्नीचा या व्यवसायात सहभाग आहे का?

होय. अल्योना कपूर यांचा कंपनीच्या कामात आणि पुस्तकांच्या लेखनात प्रत्यक्ष सहभाग राहिला आहे.

त्यांनी पाककृती सोप्या केल्यामुळे प्रादेशिक चवी पुसट झाल्या, या टीकेत तथ्य आहे का?

काही प्रमाणात आहे, आणि ती टीका टाळून पुढे जाणे मला योग्य वाटत नाही. राष्ट्रीय वाहिनीवरून एकाच वेळी सर्व राज्यांना सांगायची कृती ही मधल्या वाटेची असणारच. कोल्हापुरी पदार्थातला तिखटपणा कमी होतो, मालवणी रश्श्यातली तिरफळे वगळली जातात, गोडा मसाल्याच्या जागी गरम मसाला येतो, आणि हळूहळू टोमॅटो, मलई व काजूचा रस्सा म्हणजेच भारतीय जेवण अशी समजूत घट्ट होते. लग्नाच्या पंगतीत अळूचे फदफदे जाऊन पनीर आले, हे आपल्या डोळ्यांसमोर घडले आहे.

तरीही हा दोष एकट्या कपूर यांच्या माथी मारणे अन्यायाचे ठरेल. पंजाबी चवीचा प्रसार फाळणीनंतर दिल्लीतील उपाहारगृहांतून आणि महामार्गांवरील ढाब्यांतून आधीच सुरू झाला होता. उलट, त्यांच्या कार्यक्रमांत आणि पुस्तकांत महाराष्ट्रापासून केरळपर्यंतचे पदार्थ आले, आणि एका प्रांताच्या घरात दुसऱ्या प्रांताचा पदार्थ पहिल्यांदा शिजला तो अशाच कृतींमुळे. पहिली ओळख सोपी असायला हरकत नाही. तिच्या पुढे जाऊन मूळ चव शोधणे आणि ती जपून लिहून ठेवणे, हे काम त्या त्या प्रदेशातील माणसांचे आहे, आणि मराठीत ते आणखी पुष्कळ व्हायला हवे.

या मार्गाने जाऊ इच्छिणाऱ्या मराठी विद्यार्थ्याने काय करावे?

बारावीनंतर राष्ट्रीय हॉटेल व्यवस्थापन परिषदेशी संलग्न संस्थांसाठी सामाईक प्रवेश परीक्षा असते. मुंबईत दादर येथील हॉटेल व्यवस्थापन संस्था १९५४ पासून कार्यरत आहे आणि देशातील जुन्या संस्थांपैकी एक आहे. प्रवेश घेण्यापूर्वी एखाद्या सुट्टीत ओळखीच्या उपाहारगृहात महिनाभर उभे राहून पाहावे, असा माझा आग्रहाचा सल्ला आहे. दहा-बारा तास उभे राहणे, सणासुदीला कामावर असणे, भट्टीची धग आणि सुरुवातीची काही वर्षे बेताचा पगार, हे सारे कॅमेऱ्यात दिसत नाही. स्वतःचा खाद्यव्यवसाय काढायचा असेल, तर लहान घरगुती उद्योगालाही अन्नसुरक्षा व मानके प्राधिकरणाची नोंदणी घ्यावी लागते. पाककृतीच्या वहीइतकीच खर्चाची वहीही पहिल्या दिवसापासून ठेवावी.

‘शाम सवेरा’ घरी करताना कोफ्ता तेलात फुटतो. काय चुकते?

बहुतेक वेळा पालकातले पाणी. पालक उकळत्या पाण्यात मिनिटभर ठेवून लगेच थंड पाण्यात काढावा, मग मुठीत घट्ट पिळून बारीक चिरावा. वाटू नये, कारण वाटल्यावर तो पुन्हा पाणी सोडतो. लसूण आणि हिरव्या मिरचीवर परतताना बेसन किंवा कॉर्नफ्लोअर घालून मिश्रण कढईच्या कडा सोडेपर्यंत कोरडे करावे आणि पूर्ण गार होऊ द्यावे. पनीर मळून त्याच्या लहान गोळ्या कराव्यात आणि पालकाचे आवरण सगळीकडे सारख्या जाडीचे ठेवावे. वरून कॉर्नफ्लोअरमध्ये हलकेच घोळवून आधी एकच कोफ्ता तळून पाहावा. तो फुटला तर उरलेल्या मिश्रणात आणखी चमचाभर पीठ घालण्याची संधी हातात असते. रस्सा आधीच करून ठेवावा, आणि कोफ्ते त्यात न उकळता, धारदार सुरीने कापून, वाढण्याच्या वेळीच त्यावर मांडावेत.